बदामवाला की तपकिरी टोपीवाला?

दोघेही चिमुकले सुतारपक्षी. बदामवाला जेमतेम 16 सेंटीमीटर, तपकिरी टोपीवाला 13, म्हणजे चिमणीपेक्षाही लहान. हा दुसरा शोधायला फार लांब जावं लागत नाही. माळावरची बाभूळ, आमराई, जुनी बाग, कुठेही भेटतो. बारीक फांदीवर इतकी हळू टकटक करतो की आधी वाटतं शेंगच वाऱ्याने हलतेय. दुर्बिणीतून डोळ्याभोवतीचं लाल कडं दिसतं. नराच्या डोक्याच्या बाजूला लाल रेघही असते, पण ती दिसली तर नशीब!

बदामवाल्यासाठी मात्र सह्याद्रीचं दमट रान गाठायला हवं. काळा-पांढरा, डोक्यावर तुरा, शेपूट अगदी आखूड. मिटलेल्या पंखांवर पत्त्यांतल्या बदामासारखे काळे ठिपके. कपाळ काळं तर नर, पांढरं तर मादी. इतकी सोपी खूण सुतारांत क्वचितच मिळते. इतर पक्ष्यांच्या मिश्र थव्याबरोबर तो शेंड्याशेंड्यांवरून फिरतो, म्हणून मान दुखेपर्यंत वर बघावं लागतं.

मला विचाराल तर देखणा बदामवालाच. पण नवख्याने सुरुवात बाभळीवरच्या त्या छोट्यापासून करावी. आणि बागेतली वाळकी फांदी धोक्याची नसेल तर तोडू नका, दोघांची घरटी तशाच लाकडात कोरलेली असतात.