फोर्टमधली गुलामगिरीबंदीची फेरी: चालायला छान, कायद्यात कच्ची

रविवारी सकाळी सातला मुंबईत एशियाटिक लायब्ररीच्या पायऱ्यांपासून निघून हुतात्मा चौकावरून राजाबाई टॉवरपाशी संपणारी ही दोन तासांची पायी फेरी. अंतर जेमतेम सव्वा किलोमीटर. पाय दुखतात ते चालून नव्हे, उभं राहून.

सुरुवात मात्र चुकवू नका. गाईड फरसबंदीवर खडूनं ६ फूट बाय १६ इंचांची चौकट आखतो आणि एखाद्या सहभागीला त्यात उभं करतो. हात अंगाला चिकटवले तरी खांदे रेषेबाहेर जातात. 'ब्रूक्स' या गुलामवाहू जहाजाच्या आराखड्यात पुरुषाला एवढीच जागा धरली होती. बाईला लांबी २ इंच कमी, मुलीला साडेचार फूट बाय १ फूट. १७८८-८९ मध्ये हा आराखडा छापून गुलामव्यापारविरोधी मंडळींनी ब्रिटनभर वाटला. भाषणांनी जे झालं नाही ते या मापांनी कसं साधलं, हे त्या खडूच्या रेषांत पाच मिनिटांत कळतं. सात-दहाला पोचलात तर हे हुकतं.

घोटाळा होतो तो लगेच पुढं. एशियाटिकची इमारत म्हणजे टाउन हॉल १८३३ चा, ब्रिटिश संसदेचा गुलामगिरीबंदीचा कायदाही १८३३ चा, तेव्हा 'इथले गुलामही त्याच कायद्यानं सुटले' असं गाईड ठोकून देतो. साफ चूक. त्या कायद्याच्या ६४ व्या कलमानं ईस्ट इंडिया कंपनीचा मुलूख, सिलोन आणि सेंट हेलेना सरळ वगळले होते. (२ कोटी पौंडांची भरपाईसुद्धा मालकांना, गुलामांना छदाम नाही.) कंपनीच्या मुलखात कायदा आला तो १८४३ चा अ‍ॅक्ट ५. चारच कलमं, आणि 'गुलाम मुक्त झाले' असं एकातही म्हटलेलं नाही. कोर्टाच्या हुकूमनाम्याच्या किंवा शेतसाऱ्याच्या वसुलीसाठी सरकारी अंमलदारानं माणूस विकायचा नाही. गुलामावरचा मालकीहक्क कोणत्याही कोर्टानं बजावून द्यायचा नाही. गुलाम म्हणून कुणाची कमाई हिसकायची नाही. स्वतंत्र माणसाशी जे करणं गुन्हा, ते गुलामाशी केलं तरी गुन्हाच. म्हणजे निघून गेलेल्या माणसाला परत आणायला मालकाला कोर्टाचा दरवाजा बंद, बाकी त्याचं त्यानं बघावं. गुलामाची खरेदी-विक्री हाच गुन्हा ठरला तो पीनल कोडच्या ३७० व्या कलमानं, अंमल १८६२ पासून.

१८३३ आणि १८४३ मधला हा दहा वर्षांचा फरक किरकोळ नाही. तो कळला नाही तर फेरीतला सगळ्यात चांगला किस्सा वाया जातो. १८२० च्या दशकात वेस्ट इंडीजच्या साखरेवर बहिष्कार घालणाऱ्या इंग्रज घरांत 'ईस्ट इंडियाची साखर, गुलामांनी न केलेली' असं मिरवणारी साखरदाणी असे. त्याच कंपनीच्या मुलखात तेव्हा गुलामी कायदेशीर होती. गाईड साखरदाणीचं चित्र दाखवतो आणि पुढं सरकतो.

हॉर्निमन सर्कलला कापसाबद्दल दहा मिनिटं, ठीकठाक. फ्लोरा फाउंटनपाशी पुन्हा रंग भरतो. १८६४ च्या या कारंज्याला गव्हर्नर बार्टल फ्रिअरचं नाव द्यायचं होतं. हाच फ्रिअर १८७३ मध्ये गुलामव्यापार थांबवण्याचा करार घेऊन झांझिबारला गेला आणि रिकाम्या हातानं परतला. सुलतानाची सही ५ जूनला झाली ती तिथला ब्रिटिश वकील जॉन कर्क याच्यापुढं, आरमारी नाकेबंदीची धमकी दिल्यावर. झांझिबारचा गुलामांचा बाजार बंद झाला; तिथल्या गुलामगिरीची कायदेशीर मान्यता गेली थेट १८९७ मध्ये. जोतीरावांनी 'गुलामगिरी' अमेरिकेतल्या गुलामांना मुक्त करणाऱ्यांना अर्पण केली तीही १८७३ मध्येच. गाईड दोन्ही सांगतो, पण वीस मिनिटांच्या अंतरानं, आणि सनांची गाठ मारत नाही.

नाशिकच्या शरणपूरचा तर उल्लेखच नाही. पकडलेल्या गुलामवाहू जहाजांवरून सोडवलेली आफ्रिकी मुलं तिथं मिशनच्या आश्रमात वाढली. त्यातलाच जेकब वेनराइट आफ्रिकेत फिरलेला संशोधक प्रवासी लिव्हिंग्स्टन याचा मृतदेह घेऊन १८७४ मध्ये लंडनपर्यंत गेला. राजाबाई टॉवरच्या देणगीचे आकडे कमी केले तर याला वेळ सहज निघेल.

हातात दिलेला कागद फक्त इंग्रजीत, आणि त्यातही १८३३ चीच चूक. गट पंधराच्या वर गेला की माइक नसल्यानं मागच्यांना काही ऐकू येत नाही. नाव नोंदवताना मराठी गट मागून घ्या आणि ओव्हल मैदानाच्या बाजूला उभं राहायचं असल्यानं टोपी ठेवा. १८४३ चा कायदा एका पानाचा आहे, छापून खिशात घाला. टाउन हॉलपाशी लागेल.