खिशातला शस्त्रक्रिया-कोश: एका नोंदीवरून केलेली पारख

शल्यचिकित्सेच्या विद्यार्थ्यांसाठी काढलेला हा छोटेखानी कोश जोखण्यासाठी मी ‘मार्सुपियलायझेशन’ ही फारशी कानावर न पडणारी नोंद आधी उघडली. व्याख्या नेमकी आहे: द्रवाने भरलेली गाठ, म्हणजे सिस्ट, समूळ न काढता तिला छेद द्यायचा, आतला द्रव वाहू द्यायचा आणि भित्तिकेची कड भोवतालच्या त्वचेला किंवा श्लेष्मल आवरणाला (अवयवांच्या आतल्या ओलसर अस्तराला) टाके घालून जोडायची, जेणेकरून तोंड बुजणार नाही आणि पोकळी हळूहळू लहान होत जाईल. लॅटिनमधील ‘मार्सुपियम’, म्हणजे पिशवी, ही व्युत्पत्तीही दिली आहे; शेजारचे कांगारूचे चित्र मात्र नसते तरी चालले असते.

वापराच्या बाबतीत कोश तोकडा पडतो. योनिमुखालगतच्या बार्थोलिन ग्रंथीच्या गाठीचे उदाहरण तेवढे आहे. जबड्यातील मोठ्या गाठींसाठी जर्मन शल्यचिकित्सक कार्ल पार्च यांनी १८९२ मध्ये मांडलेली पद्धत, जिच्यामुळे लगतचा मज्जातंतू आणि न उगवलेले दात वाचू शकतात, तिचा पत्ताच नाही. भित्तिका आतच राहत असल्याने तिचा तुकडा तपासणीला पाठवावा लागतो आणि जबड्याच्या रुग्णाला पोकळी कित्येक महिने धुवावी लागते, हेही गाळले आहे. नुसता छेद देऊन निचरा केल्यास तोंड बुजून गाठ पुन्हा भरू शकते, हा फरक मात्र दोन ओळींत उत्तम सांगितला आहे.

छपाई बारीक, बांधणी पक्की. वॉर्डात उभ्याउभ्या अर्थ पाहण्यासाठी तो जरूर घ्यावा. परीक्षेला पाठ्यपुस्तकच लागेल.