पुण्याचा जुना बाजार: माल भरपूर, तारखा मात्र तपासून घ्या

मंगळवार पेठेत दर बुधवारी आणि रविवारी रस्त्याकडेला पथाऱ्या पडतात आणि अंधार पडेपर्यंत सगळा बाजार उठलेला असतो. मेट्रोचं मंगळवार पेठ स्थानक जवळच आहे, गाडी आणून पार्किंगसाठी फिरत बसू नका. राणीछाप रुपया, चावीचं मनगटी घड्याळ, ग्रामोफोनच्या लाखेच्या तबकड्या, पितळी घंगाळ, मोटारीचे सुटे भाग असं शे-दीडशे वर्षांतलं काहीही एका फेरीत हाताला लागतं. हत्यारं आणि भांडी बेलाशक घ्यावीत. ज्या वस्तूवर साल कोरलंय, ती मात्र भिंगाखालून गेल्याशिवाय पैसे काढू नयेत.

खिशात तीन गोष्टी हव्यातच: लहान चुंबक, दहापट दाखवणारं भिंग आणि ग्रॅमचे दशांश दाखवणारा छोटा काटा. इंग्रजांच्या काळातल्या चांदीच्या रुपयाचं वजन ११.६६ ग्रॅम. वापरून झिजलेलं नाणं थोडं हलकं भरतं, पण नक्षी कोरी करकरीत असूनही वजन साडेदहा भरलं तर नाणं खाली ठेवा. नक्षी झिजल्याशिवाय वजन घटत नाही. मग कड बघा. ओतून केलेल्या नकली नाण्याच्या कडेवर सांध्याची बारीक रेघ असते आणि सपाट भागात सुईच्या टोकाएवढे खड्डे दिसतात. १९४० पासूनच्या रुपयात चांदी निम्मीच आहे, वजन मात्र तेवढंच. त्यामुळे काट्यावर फरक कळणार नाही, साल वाचूनच भाव ठरवा. १९४७ चा वाघाचा रुपया निकेलचा, तो चुंबकाला चिकटतो आणि चिकटायलाच हवा. १९३९ चा रुपया दुर्मिळ आहे. म्हणूनच त्या सालातल्या शेवटच्या ९ कडे निरखून बघा, तो मागाहून कोरलेला असू शकतो.

सगळ्यात जास्त फसवणूक होते ती राम दरबारच्या नाण्यावर. एका बाजूला राम, सीता, लक्ष्मण, मारुती. दुसऱ्या बाजूला ईस्ट इंडिया कंपनीचं नाव आणि १८१८ साल. कंपनीने असं नाणं कधीच पाडलं नाही. देव्हाऱ्यात ठेवायला पितळेच्या भावात घ्यायचं तर घ्या. पण ‘हे दैवी शक्तीने तांदूळ ओढतं, लाखांत जातं’ असं कुणी सांगू लागला तर तिथून निघा. त्याच पथारीवर शिवराई, म्हणजे मराठेशाहीतलं तांब्याचं नाणं, मिळते आणि ती घ्यावी. एका बाजूला ‘श्री राजा शिव’, दुसरीकडे ‘छत्रपति’. ठसा नाण्यापेक्षा मोठा असल्याने अक्षरं अर्धवट उमटतात. चारही बाजूंनी नेटकी, पूर्ण अक्षरं दिसली तर उलट शंका घ्या. हिरवट थर नखाने खरवडून पाहा. पावडरीसारखा झरझर सुटला तर तो रसायनाने आणलेला असतो.

घड्याळांत एचएमटी जनता आणि पायलट भरपूर दिसतात. कंपनीचे घड्याळांचे जुने कारखाने २०१६ पर्यंत बंद झाले, आता फिरतो तो बहुतेक जुळवलेला माल: एकाचं यंत्र, दुसऱ्याची केस, नव्याने रंगवलेली डायल. भडक रंगाची जनता दिसली तर डायल मूळची नाही असंच धरून चाला. छापील अक्षरांच्या कडा भिंगाखाली पसरट दिसतात. मागचं झाकण उघडायला सांगा. गंज नसेल, चावी गुळगुळीत फिरत असेल आणि घड्याळ पाच मिनिटं कानाशी न अडखळता चाललं, तर वापरायला उत्तम आहे. मूळ ठेवा म्हणून जास्तीचे पैसे मात्र देऊ नका.

पितळी कर्ण्याचा चकचकीत ग्रामोफोन हा बहुधा शोभेसाठी केलेला नवा माल, त्यावर कुत्र्याचं चित्र असलं तरी. तबकड्या मात्र खऱ्या असतात. नाट्यगीतांच्या मिळाल्या तर सोडू नका. उजेडात तिरकी धरून कडेपासून चीर शोधा आणि बोटाने हलकेच टिचकी मारा. चीर गेली असेल तर आवाज बद्द येतो. घरी स्पिरिटने पुसाल तर लाख विरघळून तबकडी कायमची जाईल. किंचित ओलं मऊ फडकं पुरतं. पोलादी सुई एका बाजूला एकच वापरावी. बोथट सुई खाचा खरवडत जाते.

बिडाचा तवा घेताना टिचकीची हीच परीक्षा करा. घंगाळाला चुंबक लावून पाहा, चिकटलं तर पितळेचा नुसता मुलामा आहे. भांड्याचा भाव वजनावर ठरवा आणि आधी भंगाराचा चालू दर विचारून ठेवा, म्हणजे घासाघीस कुठे थांबवायची ते कळतं.

मोबाईलसाठी हा बाजार नाही. अगदीच घ्यायचा तर *#०६# दाबून फोनचा आयएमईआय, म्हणजे ओळख क्रमांक काढा आणि तो चोरीचा तर नाही ना हे बघायला पैसे देण्याआधी इंग्रजीत KYM, मग मोकळी जागा आणि तो क्रमांक असा संदेश १४४२२ वर पाठवा. चोरीचा माल जाणूनबुजून घेणं हा गुन्हा आहे. शंभर वर्षांहून जुनी नाणी आणि मूर्ती १९७२ च्या पुरावस्तू कायद्याखाली येतात. परदेशातल्या नातेवाइकांसाठी त्या घेत असाल तर थांबा, त्या देशाबाहेर नेता येत नाहीत.