राजेंद्रनगरातील डीव्हीडी वाचनालय आणि लॉन्सडेलचा कप्पा

इंदूरच्या राजेंद्रनगरात एक निवृत्त गृहस्थ आपल्या घराच्या पुढच्या खोलीत डीव्हीडींचे वाचनालय चालवतात. चित्रपट सहसा भाषेनुसार किंवा दिग्दर्शकानुसार लावले जातात. येथे मात्र एक अख्खे कपाट दुय्यम भूमिका करणाऱ्या नटांच्या नावांनी लावलेले आहे, आणि वर्गणीदार होण्यास माझ्या मते तेवढे एकच कारण पुरेसे आहे. इंदूरच्या ‘सानंद’ या संस्थेच्या नाटकांना जाणाऱ्या आपल्या मंडळींना अशा नटांची पारख असतेच, म्हणून त्यातील मायकेल लॉन्सडेल या फ्रेंच नटाच्या कप्प्याविषयी सविस्तर लिहावेसे वाटले.

लॉन्सडेल (१९३१–२०२०) यांचा जन्म पॅरिसचा, वडील इंग्रज आणि आई फ्रेंच. त्यामुळे दोन्ही भाषांतील चित्रपटांत ते सारख्याच सहजतेने वावरले. ‘स्टोलन किसेस’मध्ये (१९६८) ते बुटांच्या दुकानाचे मालक आहेत, आणि आपण कुणालाच का आवडत नाही, हे शोधण्यासाठी चक्क गुप्तहेर नेमतात. ‘मूनरेकर’ या जेम्स बाँडपटातला (१९७९) खलनायक ड्रॅक्स जगाला ठाऊक आहे, पण तेवढ्यावर या नटाची ओळख थांबावी, हे मला अन्यायाचे वाटते.

खरा ऐवज ‘द डे ऑफ द जॅकल’मध्ये (१९७३) आहे. मंत्र्यांच्या बैठकीत लॉन्सडेल यांचा कमिशनर लबेल एक ध्वनिफीत ऐकवतो आणि समोर बसलेल्या अधिकाऱ्यांपैकीच एकाच्या घरून बातमी फुटत असल्याचे उघड होते. याच माणसाचा फोन टॅप करायचा हे कसे कळले, असे विचारल्यावर तो सांगतो की कळले नव्हते, म्हणून सगळ्यांचेच टॅप केले. या उत्तरात विजयाचा लवलेश नाही, आवाज चढत नाही; दिवसभराच्या कामाने थकलेला एक सरकारी नोकर तेवढा दिसतो. या भूमिकेसाठी त्यांना बाफ्टा या ब्रिटिश चित्रपट पुरस्काराचे नामांकन मिळाले होते.

त्याच्या अगदी उलट टोकाला बीबीसीच्या ‘स्मायलीज पीपल’ (१९८२) या सहा भागांच्या हेरमालिकेतला त्यांचा सोव्हिएत अधिकारी ग्रिगोरिएव्ह. अ‍ॅलेक गिनेससारखा नट शांतपणे प्रश्न विचारत असताना या माणसाचा ताठा कसा उतरत जातो, आधी बडेजाव, मग सारवासारव आणि अखेर शरणागती, हे पाहून हसूही येते आणि कीवही वाटते. ‘ऑफ गॉड्स अँड मेन’मध्ये (२०१०) ते अल्जीरियातील मठातले वृद्ध डॉक्टर-संन्यासी ल्यूक आहेत. गावातली एक मुलगी प्रेम म्हणजे काय असे विचारते, तेव्हा शेजारी बसून ते तिला ज्या मोकळेपणाने उत्तर देतात, तो प्रसंग मी या कप्प्यातला सर्वोत्तम मानते. त्यासाठी त्यांना २०११ मध्ये सहाय्यक अभिनेत्याचा सेझार हा फ्रेंच चित्रपट पुरस्कार मिळाला, तोही ऐंशीच्या उंबरठ्यावर.

उणिवाही सांगितल्या पाहिजेत. डीव्हीडींसाठी जगाचे विभाग पाडलेले आहेत; ब्रिटनमधून आणलेल्या डिस्क दुसऱ्या विभागाच्या आहेत आणि आपल्याकडचे प्लेअर बहुधा पाचव्या विभागाचे, त्यामुळे त्या घरी चालतीलच असे नाही. चालक हे आधीच सांगतात आणि अनामत ठेवून सर्व विभागांच्या डिस्क चालवणारा प्लेअरही देतात, ही सोय मोठी आहे. उपशीर्षके मात्र इंग्रजीतच आहेत, त्यामुळे घरातल्या वडीलधाऱ्यांना शेजारी बसून अर्थ सांगावा लागतो. फ्रेंच दूरचित्रवाणीवरचे त्यांचे काम तर येथे अजिबात नाही.

नव्या वर्गणीदारांनी आधी ‘जॅकल’ न्यावा आणि मग ‘स्मायलीज पीपल’. ‘इंडिया साँग’ (१९७५) शेवटी घ्यावा. कथा कोलकात्यातली असली तरी त्याचे चित्रीकरण फ्रान्समध्ये झाले आहे, पात्रे पडद्यावर ओठ हलवत नाहीत, संवाद बाहेरून ऐकू येतात, आणि लॉन्सडेलची चाल व नजर ओळखीची झाल्याशिवाय त्यांच्या उपवाणिज्यदूताची तडफड पोहोचणे कठीण जाते.