किस्लोव्हस्की पाहायला सुरुवात कुठून करावी : ‘डेकालॉग’ की ‘थ्री कलर्स’?

पोलिश पटकथाकार-दिग्दर्शक क्रिस्तोफ किस्लोव्हस्की यांच्या चित्रपटांकडे प्रथमच वळणाऱ्याला बहुधा दोनपैकी एक कलाकृती सुचवली जाते. पहिली म्हणजे पोलिश दूरचित्रवाणीसाठी केलेली, वॉर्सातील एका गृहसंकुलात घडणारी दहा भागांची ‘डेकालॉग’ (१९८८), आणि दुसरी म्हणजे फ्रेंच निर्मात्याच्या पाठबळावर १९९३-९४ मध्ये आलेली ‘ब्लू’, ‘व्हाइट’ आणि ‘रेड’ ही चित्रत्रयी. त्रयी पाच तासांच्या आत पाहून होते, तर ‘डेकालॉग’ला त्याच्या जवळजवळ दुप्पट वेळ लागतो, तरीही सुरुवात ‘डेकालॉग’पासूनच करावी, असे माझे ठाम मत आहे, आणि त्याचे कारण त्यांच्या कारकिर्दीतच सापडते.

१९४१ मध्ये वॉर्सात जन्मलेल्या किस्लोव्हस्कींचे बालपण, वडिलांच्या क्षयरोगामुळे, गावे बदलण्यात गेले. अग्निशमन दलाचे प्रशिक्षण त्यांनी अर्धवट सोडले आणि पोलंडमधील लॉड्झच्या चित्रपट विद्यालयात तिसऱ्या प्रयत्नात प्रवेश मिळवला. पुढे दशकभर त्यांचा मुख्य भर माहितीपटांवर होता. १९८० च्या सुमारास वॉर्साच्या मध्यवर्ती रेल्वे स्थानकावर चित्रित केलेली त्यांची फिल्म पोलिसांनी एका खुनाच्या तपासासाठी ताब्यात घेतली. तिच्यात पोलिसांना हवे ते काही निघाले नाही. पण आपला कॅमेरा आपल्या इच्छेविरुद्ध कोणाच्या तरी विरोधात साक्षीदार ठरू शकतो, ही जाणीव त्यांना माहितीपटापासून दूर नेणाऱ्या प्रमुख कारणांपैकी एक ठरली. दुसऱ्याच्या आयुष्यात डोकावण्याचा अधिकार आपल्याला कितपत आहे, हा प्रश्न त्यानंतर त्यांनी सोडला नाही.

‘डेकालॉग’मध्ये हा प्रश्न सर्वांत उघडपणे दिसतो. राजकीय खटल्यांत बचाव पक्षाचे काम केलेले वकील क्रिस्तोफ पिएसेविच हे सहलेखक असल्यामुळे, बायबलमधील दहा आज्ञांवर आधारलेली असूनही ही मालिका प्रवचन होत नाही. प्रत्येक भाग एखाद्या खटल्यासारखा दोन्ही बाजू मांडतो आणि निकाल प्रेक्षकावर सोडतो. पहिल्या भागातला बाप बर्फ मुलाचे वजन पेलेल की नाही, हे संगणकावर मोजतो. पाचव्या भागात एका तरुणाने केलेला खून आणि शासनाने त्याला दिलेली फाशी या दोन्ही कृती सारख्याच निर्दयपणे, कॅमेरा न वळवता दाखवल्या आहेत. याच भागाच्या विस्तारित चित्रपटाला १९८८ मध्ये कान महोत्सवात परीक्षक पुरस्कार मिळाला. छायाचित्रकार स्लावोमिर इज्याक यांनी त्यासाठी वापरलेल्या हिरवट फिल्टरमुळे वॉर्सा शहरच आजारी वाटू लागते. सगळे भाग इतक्या ताकदीचे नाहीत, आणि तिसरा मला आजही सैल वाटतो.

त्रयीचे सामर्थ्य वेगळे आहे. फ्रेंच ध्वजाच्या तीन रंगांशी जोडलेल्या स्वातंत्र्य, समता आणि बंधुता या कल्पना तिच्यात एकेका माणसाच्या खाजगी दुःखापर्यंत आणल्या आहेत. ‘ब्लू’मध्ये झ्बिग्न्येव्ह प्राइस्नर यांचे संगीत कथानकाचाच भाग होते, त्या चित्रपटाला व्हेनिस महोत्सवात सुवर्णसिंह हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. अडचण अशी की, इथले दृश्यसौंदर्य इतके प्रभावी आहे की नवा प्रेक्षक रंगांपाशीच थांबण्याची शक्यता असते. ‘रेड’मधला निवृत्त न्यायाधीश शेजाऱ्यांचे दूरध्वनी चोरून ऐकतो, हे केवळ विक्षिप्तपण वाटू शकते, पण ‘डेकालॉग’च्या सहाव्या भागात दुर्बिणीतून समोरच्या खिडकीकडे पाहणारा मुलगा आधी भेटला असेल, तर त्या न्यायाधीशाची लाज आणि एकटेपणा लगेच ओळखीचा वाटतो.

हाताशी एकच संध्याकाळ असेल आणि संगीताची ओढ असेल, तर मात्र ‘ब्लू’ निःसंकोच निवडावा, आणि तोही शक्यतो मोठ्या पडद्यावर. इतरांनी ‘डेकालॉग’चा पहिला, पाचवा, सहावा आणि दहावा भाग या क्रमाने पाहावा. दहावा भाग वडिलांचा टपाल तिकिटांचा संग्रह वारशाने मिळालेल्या दोन भावांची विनोदी गोष्ट सांगतो, आणि ते भाऊ साकारणारे येझी श्टूर व झ्बिग्न्येव्ह झामाखोव्हस्की ‘व्हाइट’मध्येही भाऊच आहेत, त्यामुळे त्रयीत शिरण्यासाठी तो भाग सर्वांत सोयीचा आहे.