‘संपूर्ण हृदय तपासणी’ पॅकेज : मोजमाप चांगले, पुस्तिका चुकीची

गेल्या महिन्यात आम्ही उभयतांनी पुण्यातल्या एका खासगी लॅबचे ‘संपूर्ण हृदय तपासणी’ हे पॅकेज घेतले. घरी येऊन रक्ताचा नमुना नेणे, दोन दिवसांत मोबाइलवर अहवाल, त्याच आठवड्यात हृदयाच्या रक्तवाहिन्यांतील कॅल्शियम मोजणारा सीटी स्कॅन आणि सोबत एक रंगीत माहितीपुस्तिका, असे त्याचे स्वरूप होते. व्यवस्थेबद्दल तक्रार नाही. नमुना घ्यायला आलेला मुलगा सकाळी सातच्या ठोक्याला दारात होता, सुई पहिल्याच खेपेस लागली आणि नळ्यांवर नावाच्या चिठ्ठ्या त्याने आमच्यासमोरच चिकटवल्या. माझे म्हणणे आहे ते हे पॅकेज मोजते काय आणि त्यावरून सांगते काय याविषयी, कारण तीस वर्षे जीवशास्त्र शिकवल्यानंतर अहवाल नुसता लाल-हिरव्या रंगांवरून वाचणे मला जमत नाही.

पुस्तिकेतल्या चित्रात रक्तवाहिनी म्हणजे मोरीचा पाइप आणि कोलेस्टेरॉल म्हणजे त्याला आतून धरलेला तेलकट मळ, असे दाखवले आहे. चित्र सोपे आहे, पण चुकीचे आहे. चरबी वाहिनीच्या आतल्या पृष्ठभागावर चिकटत नाही. एलडीएलचे, म्हणजे रक्तातून कोलेस्टेरॉल वाहून नेणारे, कण अस्तराखालच्या थरात शिरतात, तिथे अडकतात आणि ऑक्सिडीकरणाने त्यांचे रूप बदलते. मग अस्तराच्या पेशी रक्तातल्या मोनोसाइट या पांढऱ्या पेशींना धरून ठेवणारे रेणू पुढे करतात, मोनोसाइट भिंतीत उतरतात आणि तिथे त्यांच्या मॅक्रोफेज, म्हणजे महाभक्षी पेशी होतात. काम सफाईचेच, पण या खाण्याला लगाम नाही : पेशीत कोलेस्टेरॉल पुरेसे झाले की नेहमीच्या एलडीएल-ग्राहींची, म्हणजे एलडीएल पकडून आत घेणाऱ्या पेशीवरच्या रेणूंची, संख्या घटते, पण बिघडलेले एलडीएल उचलणाऱ्या स्कॅव्हेंजर ग्राहींना तसा आवर बसत नाही. हा दुसरा मार्ग गोल्डस्टीन, ब्राउन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७९ साली दाखवला. खाऊन खाऊन पेशी चरबीच्या थेंबांनी गच्च भरते आणि सूक्ष्मदर्शकाखाली फेसासारखी दिसते, म्हणून तिला फेनपेशी म्हणतात. पुढे या पेशी मरतात, मेलेल्या पेशी उचलण्याचे कामही मागे पडते, मध्यभागी मृत गर साचतो आणि त्यावरचे तंतुमय आवरण महाभक्षींनीच सोडलेल्या विकरांनी (एन्झाइमांनी) पातळ होत जाते. ते फाटले की तिथे रक्ताची गुठळी धरते आणि हृदयविकाराचा झटका येतो. चकचकीत कागदाच्या बारा पानांत या पेशीचे नावही नाही. ओट्सच्या न्याहारीला मात्र दोन पाने आहेत.

आता चाचण्यांकडे. लिपिड प्रोफाइलबरोबर लायपोप्रोटीन-ए (एलडीएलसारखाच कोलेस्टेरॉल वाहणारा कण) आणि एचएस-सीआरपी (दाह झाला की रक्तात वाढणारे प्रथिन) या दोन चाचण्या आहेत, आणि पॅकेजची खरी किंमत माझ्या मते त्यांच्यात आहे. एलडीएल आणि लायपोप्रोटीन-ए हे भिंतीत शिरणाऱ्या मालाचे मोजमाप. सीआरपी हा आतल्या आगीचा बाहेर दिसणारा धूर : महाभक्षी पेशी इंटरल्यूकिन-१ बीटा हा दाहाचा निरोप देणारा रेणू सोडतात, त्यातून इंटरल्यूकिन-६ वाढते आणि त्याच्या सांगण्यावरून यकृत सीआरपी तयार करते. ही साखळी नुसती कागदावरची नाही. २०१७ साली प्रसिद्ध झालेल्या कँटोस चाचणीत, आधी झटका येऊन गेलेल्या आणि सीआरपी २ किंवा त्याहून अधिक असलेल्या दहा हजारांवर रुग्णांत इंटरल्यूकिन-१ बीटा रोखणारे औषध वापरले, तेव्हा एलडीएल खाली न येताही १५० मिलिग्रॅमच्या मात्रेला झटका, पक्षाघात आणि हृदयविकाराने मृत्यू यांचे एकत्रित प्रमाण १५ टक्क्यांनी घटले. जंतुसंसर्गाने होणारे मृत्यू मात्र वाढले, कारण भिंतीत आग लावणारा आणि जंतूंशी लढणारा पहारेकरी एकच आहे.

नेमकी याच चाचणीत लॅबने माती खाल्ली. नमुना दिला त्या दिवशी मला चार दिवसांची सर्दी आणि कणकण होती. माझा सीआरपी ११.८ आला, त्यावर लाल पट्टी आणि ‘हृदयविकाराचा अतिधोका’ असा शेरा. आकडा १० च्या वर गेला की आधी संसर्ग किंवा दुखापत आहे का ते पाहावे आणि बरे वाटल्यावर चाचणी पुन्हा करावी, ही सर्वमान्य पद्धत आहे. मी फोन केला, तेव्हा अर्जात सगळी माहिती विचारली जाते असे उत्तर मिळाले. अर्ज पुन्हा पाहिला : त्यात लग्नाच्या वाढदिवसाची तारीख आहे, गेल्या पंधरवड्यातल्या तापाचा रकाना नाही. तीन आठवड्यांनी पुन्हा रक्त दिले आणि आकडा १.४ आला, या दुसऱ्या खेपेचे पैसे पूर्ण घेतले गेले.

स्कॅन झटपट झाला. शिरेतून औषध द्यावे लागत नाही, काही सेकंद श्वास रोखायचा एवढेच. पत्नीचा स्कोअर शून्य आला आणि अहवालात ‘रक्तवाहिन्या पूर्णतः स्वच्छ’ असे छापून आले. शून्य ही चांगलीच बातमी आहे, पुढच्या काही वर्षांचा धोका त्यामुळे कमी ठरतो. पण कॅल्शियम हा जुन्या जखमेचा खरपुडा आहे, आणि महाभक्षींनी भरलेली ताजी, मऊ गाठ या स्कॅनला दिसतच नाही. माझा स्कोअर ८६ आला. स्टॅटिन हे कोलेस्टेरॉल उतरवणारे औषध घेतल्यावर गाठ स्थिर होताना हा आकडा वाढूही शकतो, त्यामुळे ‘दरवर्षी पुन्हा करा, २० टक्के सवलत’ हा त्यांचा संदेश मी पुसून टाकला. लायपोप्रोटीन-ए तर मुख्यतः आनुवंशिक. बहुतेकांना आयुष्यात एकदा तपासले तरी पुरते.

घराण्यात कमी वयात हृदयविकार असेल, तर हे पॅकेज एकदा घ्यायला हरकत नाही, मात्र अंगात सर्दी-ताप नसताना. आमच्या डॉक्टरांनी एलडीएल, लायपोप्रोटीन-ए आणि कॅल्शियमचा आकडा एका चिठ्ठीवर उतरवून घेतला आणि पुस्तिका न उघडताच परत दिली.