तात्या टोपे आणि ह्यू रोझ: सेनापती म्हणून कोण सरस?

नाशिकहून निफाड, विंचूर मागे टाकून येवल्यात शिरलं, की गल्लीबोळात पैठणीच्या मागांची खटखट ऐकू येते. १८५७ च्या उठावातले सेनानी तात्या टोपे याच गावचे, म्हणजे आमच्याच जिल्ह्याचे. माझा जीव त्यांच्याकडे ओढतो, हे आधीच सांगतो.

त्यांच्याविरुद्ध लढलेले इंग्रज सेनापती ह्यू रोझ १८०१ मध्ये बर्लिनला जन्मले. घर मुत्सद्द्यांचं, हाताशी कवायती फौज. तात्या ब्रह्मावर्तात, म्हणजे कानपूरजवळच्या बिठूरला, नानासाहेब पेशव्यांच्या सोबतीने घडले. लष्करी शाळा त्यांनी पाहिलीच नव्हती.

समोरासमोरच्या लढाईत रोझ उजवे, हे मान्य करावंच लागतं. १ एप्रिल १८५८, बेतवाकाठ. झाशीच्या मदतीला तात्या सुमारे वीस हजार लोक घेऊन आले. रोझ यांनी झाशीला घातलेला वेढा उठवला नाही. जेमतेम दीड हजार माणसं घेऊन ते सामोरे गेले आणि तोफा व घोडदळ बाजूंनी घालून पहिली फळी मोडली. माघार झाकायला तात्यांच्या लोकांनी रान पेटवलं, तरी तोफा गेल्याच.

पण जूनमध्ये ग्वाल्हेर इंग्रजांच्या हाती पडल्यावरचे तात्या पाहा! ना किल्ला, ना खजिना, तरी राजपुताना, माळवा पालथा घालत त्यांनी ऑक्टोबरात नर्मदा ओलांडली. इंग्रजांच्या कितीतरी तुकड्या मागावर होत्या. शेवटी नरवरच्या सरदार मानसिंगाने दगा दिला, तेव्हाच ते हाती लागले. १८ एप्रिल १८५९ रोजी शिवपुरीला फाशी झाली.

रोझ पुढे हिंदुस्थानचे सरसेनापती आणि फील्ड मार्शल झाले. तरीही चिवटपणात मी तात्यांनाच वरचढ मानतो.